तंजावरच्या बासनांतले मराठी गाणे

पद मराठी, राग कर्नाटक पद्धतीचा, नाच बसवणारे नट्टुवनार तमिळ मुलखातले आणि रचनाकार भोसले घराण्यातला राजा. तंजावरच्या सरफोजी दुसरे यांनी दरबारी नृत्यासाठी केलेल्या ‘कोरव्यांचे साहित्याचे जिन्नस’ या संग्रहाची ही जातकुळी. एक कथा घ्यायची आणि तिच्याभोवती जयजय, शरणु, अलारु, शब्द, वर्ण, पद, तिल्लाना अशा रचना ओळीने गुंफत मंगलापर्यंत जायचे, ही त्यातली पद्धत. या मालिकेला निरूपण म्हणतात. आज पुण्यामुंबईत भरतनाट्यम शिकणारी मुलगी अलारिप्पूने सुरुवात करते आणि तिल्लानाने शेवट, तेव्हा तिच्या पायाखाली याच दरबाराची जमीन असते. तो क्रम पक्का करणारे चिन्नय्या, पोन्नय्या, शिवानंदम आणि वडिवेलु हे चार भाऊ काही काळ सरफोजींच्याच पदरी होते.

निरूपणे नाचणाऱ्यांच्या पिढ्या सरल्या. शब्द मात्र राहिले, कारण ते राजवाड्याच्या आवारातल्या सरस्वती महाल ग्रंथालयात बासनात बांधलेले होते.

या ग्रंथालयाची सुरुवात तंजावरच्या नायक राजांच्या काळातली. 1676च्या सुमारास व्यंकोजीराजे तंजावरच्या गादीवर आले आणि राज्याबरोबर पोथ्याही भोसल्यांकडे आल्या. ग्रंथालयाला आजचे रूप दिले सरफोजींनी. 1798 मध्ये ते गादीवर बसले आणि पुढच्याच वर्षी मुलखाचा कारभार कंपनी सरकारकडे गेला. राजाच्या हाती किल्ला, थोडा परिसर आणि तनखा एवढेच उरले. तो पैसा आणि मोकळा झालेला वेळ त्यांनी ग्रंथांवर खर्च केला. काशीयात्रेहून येताना त्यांनी हस्तलिखिते आणली, पंडितांना बसवून नकला करवून घेतल्या, युरोपातून छापील पुस्तके मागवली आणि त्यांतल्या अनेकांवर इंग्रजीत सही केली. पाश्चात्त्य संगीताची स्वरलिपीतली पुस्तकेही त्यांच्या संग्रहात आहेत. आज इथे 49,000 च्या आसपास हस्तलिखिते आहेत. बहुतेक संस्कृत आहेत. तमिळ आणि तेलुगूही आहेत, आणि मराठी सुमारे 3,000.

संगीताच्या अभ्यासकाला यातले काय मोलाचे? तुळजाराजांच्या ‘संगीत सारामृता’सारखे शास्त्रग्रंथ आहेतच. त्याहून विलक्षण आहेत ती तंजावरच्या शहाजीराजांच्या काळातली (1684 ते 1712) रागांची टिपणे. शास्त्रग्रंथ सहसा रागाचे आरोह-अवरोह आणि वर्ज्य स्वर सांगून थांबतात. या टिपणांत रागाचे आलाप आणि ठाय (रागविस्ताराचे खंड) स्वराक्षरांत उतरवलेले आहेत. आलाप म्हणजे गवयाने त्या घटकेला सुचेल तसा मांडायचा भाग, आणि तोच कोणीतरी लिहून ठेवला! त्यामुळे त्यागराज, मुत्तुस्वामी दीक्षित आणि श्यामा शास्त्री यांच्या आधीच्या पिढ्यांत एखाद्या रागाची चाल कशी होती, हे ताडून पाहता येते.

नाटकांचे दालनही असेच. विष्णुदास भाव्यांनी 1843 मध्ये सांगलीला ‘सीतास्वयंवर’ केले आणि तिथून मराठी रंगभूमीचा इतिहास मोजायची आपली सवय आहे. शहाजीराजांचे ‘लक्ष्मीनारायण कल्याण’ हे मराठी नाटक त्याच्या जवळपास दीडशे वर्षे आधीचे आहे. तेलुगू यक्षगानाच्या वळणाने जाणारी ही नाटके गायची आणि नाचायची होती. त्यामुळे हा वारसा नाट्याभ्यासकाचा जितका, तितकाच संगीताभ्यासकाचा.

एवढे सगळे उष्ण, दमट हवेत टिकवायचे म्हणजे रोजची निगा आली. ताडपत्रावर लोखंडी लेखणीने अक्षर कोरतात आणि मग त्यात काजळी भरतात. पान सुकले की ठिसूळ होते, म्हणून गवती चहाचे तेल हलक्या हाताने फिरवायचे. त्याने पान लवचीक राहते आणि किडीलाही वास सोसत नाही. पानांच्या छिद्रांतून दोरी ओवायची, वर-खाली लाकडी फळ्या लावायच्या आणि कापडात बांधायचे. वेखंड, मिरे, लवंग, दालचिनी, कापूर अशा जिनसांची भरड पुरचुंडीत बांधून पोथ्यांजवळ ठेवण्याची रीत या ग्रंथालयाने जपली. मायक्रोफिल्म आणि डिजिटल प्रती नंतर आल्या. त्यांनी मूळ पोथीची हाताळणी कमी केली, पण तिची निगा काही थांबवता आली नाही.

टिकवण्याचा दुसरा भाग सूचीचा. जे सापडत नाही ते असून नसल्यासारखेच. 1855 मध्ये वारस नाही म्हणून कंपनीने तंजावरचे राज्य खालसा केले. पुढे तिथले जिल्हा न्यायाधीश ए. सी. बर्नेल यांनी संस्कृत हस्तलिखितांची वर्गीकृत सूची केली. ती 1880 मध्ये लंडनला छापली गेली आणि तंजावरचे नाव जगभरच्या अभ्यासकांपर्यंत पोचले. 1918 मध्ये ग्रंथालय लोकांसाठी खुले झाले. एकेक संहिता संपादून छापण्याचे कामही ग्रंथालयाने हाती घेतले. वर सांगितलेले आलाप-ठाय आणि सरफोजींचे जिन्नस अभ्यासकांच्या हाती आले ते त्यामुळेच.

तरीही संगीताच्या ग्रंथालयाची एक अडचण इतर ग्रंथालयांना नसते. पोथीत रागाचे नाव असते, तालाचे असते, शब्द असतात. गमक किती हलवायचा, कोणत्या शब्दावर नजर कुठे न्यायची, हे नसते. ते देवदासींच्या आणि नट्टुवनारांच्या घराण्यांत होते. राज्य गेल्यावर आश्रय गेला आणि कलावंत मद्रासकडे वळले. 1947 मध्ये मद्रास प्रांतात देवदासी प्रथेवर कायद्याने बंदी आली. देवाला मुली वाहण्याची रूढी थांबवणे गरजेचेच होते, पण तिच्याबरोबर त्या घराण्यांतली मराठी पदांची परंपराही क्षीण होत गेली.

याच दरबाराच्या परिसरातली दुसरी एक मराठी कला मात्र ग्रंथालयावाचून तगली. महाराष्ट्रातून गेलेले कीर्तन तंजावर कृष्ण भागवतरांनी (1841 ते 1903) कर्नाटक संगीतात बांधले आणि त्यातून तमिळ हरिकथा उभी राहिली. साकी, दिंडी, ओवी, अभंग हे छंद तमिळ भागवतरांच्या तोंडी बसले. कीर्तनाला गावोगावचा श्रोता मिळाला. निरूपणाला एकच आश्रयदाता होता, तो गेला आणि ते पोथीत शिरले.

पोथीतून ते बाहेर काढायला जो वाचक हवा, तो दुर्मीळ आहे. त्याला दक्षिणी वळणाची जुनी मराठी कळली पाहिजे. कोणत्या नर्तकीला काय बिदागी मिळाली, हे दरबारी कागदांत पाहायचे तर मोडी वाचता आली पाहिजे. पद उभे करायचे तर कर्नाटक राग-ताल आणि नृत्याची अडवु-जती (पदन्यास आणि बोल) अंगात हवी. मोडीचे जाणकार महाराष्ट्रात आहेत, कर्नाटक संगीताचे तमिळनाडूत, आणि दोघांची गाठ क्वचितच पडते. अशी गाठ पडली की काय होते, याचे एक उदाहरण आहे. पं. विष्णु नारायण भातखंडे 1904 मध्ये दक्षिणेत हिंडले, एट्टयपुरमला सुब्बराम दीक्षितांकडे बसले आणि त्यांच्याकडून ‘चतुर्दंडीप्रकाशिका’ ही संगीतशास्त्राची पोथी मिळवली. तिच्यातल्या 72 मेळांच्या विचाराशी त्यांच्या थाटपद्धतीचे नाते आहे. हिंदुस्थानी संगीताचा पंडित तमिळ मुलखात जाऊन शिकला, त्याचे फळ आपण अजून खातो आहोत.

तंजावरची मराठी पदे आपली आहेत, असे म्हणायला आपल्याला आवडते. तो हक्क सांगायचा तर आपल्या विद्यापीठांतल्या मराठी, मोडी आणि नृत्याच्या विद्यार्थ्यांनी एकत्र तिथे जाऊन वर्ष-दोन वर्षे नट्टुवनारांच्या परंपरेत शिकले पाहिजे. सरस्वती महालाने आपले काम केले आहे. उरलेले काम गाणाऱ्या-नाचणाऱ्यांचे आहे, आणि ते मराठी येणाऱ्यांशिवाय होणार नाही.