कुंपण किती, जमीन किती?

प्राथमिक शाळेत मी बरीच वर्षे गणित शिकवले. या काळात तपासलेल्या असंख्य उत्तरांपैकी एक उत्तर अजून मनातून जात नाही. कारण त्यात चूक विद्यार्थ्याची नव्हती, माझी होती.

प्रश्न असा होता : घराच्या मागच्या भिंतीला लागून परसबाग आहे. भिंतीच्या बाजूने लांबी १२ मीटर, रुंदी ८ मीटर. एकपदरी कुंपणाला किती तार लागेल? साऱ्या वर्गाने सूत्र लावले. लांबी आणि रुंदीची बेरीज, तिची दुप्पट, ४० मीटर. एकाने लिहिले २८. मी लाल फुली मारली. दुसऱ्या दिवशी तो वही घेऊन आला आणि म्हणाला, "गुरुजी, एका बाजूला भिंतच आहे की! तिथं तार कशाला?" मी त्याला सूत्र पाठ करायला सांगून जागेवर पाठवले. त्यानंतर त्याने वर्गात हात वर केल्याचे मला आठवत नाही.

परि म्हणजे सभोवती आणि मिती म्हणजे माप. आकृतीच्या कडेकडेने चालत निघालो आणि पुन्हा मूळ जागी आलो, तर जेवढे अंतर होईल ती परिमिती. त्रिकोण असेल तर तीन बाजूंची बेरीज, चौरस असेल तर एका बाजूची चौपट. सूत्र म्हणजे या बेरजेची जवळची वाट, एवढेच. त्या मुलाने परिमिती ओळखली होती आणि तारेची गरजही. मी फक्त सूत्र ओळखत होतो.

खरा घोटाळा होतो तो परिमिती आणि क्षेत्रफळ यांच्यात. २४ सेंटिमीटर सुतळीची टोके जुळवून गाठ मारा. तिचा प्रत्येक बाजू ६ सेंटिमीटर असलेला चौरस केला, तर आत ३६ चौरस सेंटिमीटर जागा मावते. ८ बाय ४ चा आयत केला तर ३२, आणि ११ बाय १ ची पट्टी केली तर अवघी ११! सुतळी तीच, जागा मात्र निराळी.

आता ६ बाय ४ सेंटिमीटरचा पुठ्ठा घ्या. त्याच्या एका कोपऱ्यातून २ सेंटिमीटर बाजूचा चौरस कापून टाका. परिमिती किती कमी झाली? मुले चटकन म्हणतात, "चारने." मोजून पाहिले तर ती २० होती, २० च राहिली. कडेचे दोन तुकडे गेले, तेवढेच दोन नवे आले. क्षेत्रफळ मात्र २४ वरून २० वर आले.

हा घोटाळा फक्त मुलांचाच नव्हे. इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकातला ग्रीक इतिहासकार पॉलिबियस याने लिहून ठेवले आहे, की लोक शहराचा आकार त्याच्या घेरावरून ठरवतात. मेगॅलोपोलिसचा घेर ५० स्टेडिया, स्पार्टाचा ४८. तरी स्पार्टा दुप्पट मोठे, हे सांगितले तर लोकांना पटत नाही, असे तो म्हणतो. स्टेडिया हे तेव्हाचे अंतराचे माप.

जमिनीच्या वाटणीत "दोघांचे कुंपण सारखे, म्हणजे वाटे सारखे" असे कोणी म्हणाले, तर ही सुतळी आठवावी.

पालकांना एवढेच सांगेन. मुलाला आधी ताटाच्या, पाटाच्या, खिडकीच्या कडेवरून बोट फिरवू द्या. सूत्र मागाहून येईल. आणि त्याचे उत्तर वेगळे आले, तर फुली मारण्यापूर्वी विचारा, "कसे काढलेस?" मी ते विचारले नव्हते.