भिंतीची पकड

लाकडात खिळा सहज शिरतो. लाकडाचे तंतू बाजूस सरतात आणि मग त्यालाच आवळून धरतात. सिमेंट, वाळू व खडी यांच्या काँक्रीटमध्ये असे सरणारे काही नसते. तेथे साधा खिळा वाकतो, नाहीतर टवका उडवितो. म्हणून आधी विद्युत्-गिरमिटाने भोक पाडतात. त्याचे पाते फिरता फिरता ठोकेही देते; दगडासारखा पदार्थ कापण्यापेक्षा फोडणेच सोपे!

पूर्वी अशा भोकात लाकडी खुंटी ठोकीत. ती पावसाळ्यात फुगे, उन्हाळ्यात आटे आणि एके दिवशी स्क्रूसकट हाती येई. १९११ च्या सुमारास इंग्लंडमधील जॉन रॉलिंग्ज याने तागाच्या धाग्यांची नळी योजिली. १९५८ मध्ये जर्मनीच्या आर्टुर फिशर याने ती नायलॉनची केली. स्क्रू आत शिरू लागला की नळी फुगते व भोकाच्या कडांवर घट्ट दाबून बसते. मात्र भोकातील भुकटी आधी झटकली पाहिजे आणि नळी गिलावा ओलांडून काँक्रीटमध्ये पोचली पाहिजे. गिलावा ओझे पेलीत नाही.

भिंतीवरील फळीचे ओझे स्क्रूला मुख्यतः खाली ओढते. छताचा पंखा त्याला सरळ बाहेर खेचतो, वर हादरेही देतो. म्हणून पंखा अशा नळीवर टांगीत नाहीत. त्याचा आकडा स्लॅब ओतण्यापूर्वीच आतील लोखंडी सळ्यांत अडकवून ठेवितात.