अठरा लाखांची आयरिश, वीस हजारांच्या बोली

आयर्लंडच्या प्रजासत्ताकात २०२२ साली जनगणना झाली. तिच्यात १८,७३,९९७ लोकांनी आपल्याला आयरिश बोलता येतं असं सांगितलं, म्हणजे तीन वर्षांवरच्या लोकसंख्येतले ४० टक्के. २०१६मध्ये हाच आकडा १७,६१,४२० होता. सहा वर्षांत लाखाहून जास्त माणसांची भर पडली म्हटल्यावर कुणालाही आनंद होईल.

पण त्याच अर्जातला पुढचा प्रश्न होता, किती वेळा बोलता? रोज बोलणारे निघाले ६,२३,९६१. त्यांतून फक्त शाळा-कॉलेजच्या तासाला बोलणारे वजा केले, तर उरतात ७१,९६८. घरात, दुकानात, कामावर रोज आयरिश बोलणारी माणसं एवढीच, म्हणजे साऱ्या देशात शंभरात दीडही नाहीत. २०११मध्ये ती ७७,१८५ होती, २०१६मध्ये ७३,८०३. वरचा आकडा चढतो आहे आणि खालचा उतरतो आहे.

यामागचं कारण शाळेत सापडतं. आयरिश तिथे सक्तीचा विषय आहे, त्यामुळे बहुतेक मुलं कित्येक वर्षं ती शिकतात आणि मोठेपणी जनगणनेच्या अर्जावर खूण करतात. किती चांगलं बोलता, हे २०२२मध्ये प्रथमच विचारलं गेलं. फार चांगलं म्हणणारे १० टक्के, चांगलं म्हणणारे ३२, आणि नीटसं येत नाही म्हणणारे ५५ टक्के होते. हे ५५ टक्के लोक खोटं बोलत नाहीत. भाषेबद्दलची माया त्यांनी त्या खुणेतून नोंदवली आहे, आणि ती मला मोलाची वाटते. फक्त तिला वापर समजू नये.

प्रश्न कसा विचारला यावर उत्तर किती अवलंबून असतं, याचा जुना पुरावाही आयर्लंडमध्येच आहे. भाषेची गणना तिथे प्रथम १८५१मध्ये झाली. १८४५ला सुरू झालेल्या बटाट्याच्या दुष्काळात सुमारे दहा लाख माणसं मेली होती आणि त्याहून जास्त देश सोडून जात होती. मरणारे आणि जाणारे बहुतांशी पश्चिमेकडचे, गरीब, आयरिशभाषक. तरीही १५,२४,२८६ बोलणारे नोंदले गेले आणि त्यांतल्या ३,१९,६०२ जणांना आयरिशखेरीज दुसरी भाषाच येत नव्हती. पुढे १८७१मध्ये हा आकडा ८,१७,८७५वर आला, आणि १८८१मध्ये एकदम ९,४९,९३२ झाला. दहा वर्षांत भाषा वाढली नव्हती. तोवर अर्जाच्या तळटीपेत असलेला प्रश्न मुख्य भागात आणला होता, एवढंच. इंग्रजी माध्यमाच्या शाळांच्या त्या काळात आयरिश ही गरिबीची खूण मानली जाई. तळटीपेकडे काणाडोळा करणं सोपं होतं.

आणि बोलींचं काय? तुम्ही कुठली आयरिश बोलता, असा प्रश्न जनगणनेत नाही. पण अंदाज बांधता येतो. आयरिश ही जिथली समाजभाषा मानली जाते त्या प्रदेशाला गेलटाख्त म्हणतात. तो सात काउंट्यांत तुकड्यातुकड्यांनी पसरला आहे. शाळेबाहेर रोज बोलणारे तिथे २०१६मध्ये २०,५८६ होते. काउंटीवार बेरीज केली की बोलींचं चित्र दिसतं. उत्तरेची अल्स्टर बोली डोनेगलमध्ये, तिथे ५,९२९. पश्चिमेची कॉनाक्ट बोली गॉलवे आणि मेयोत, मिळून १०,९८६. दक्षिणेची मन्स्टर बोली केरी, कॉर्क आणि वॉटरफर्डमध्ये, मिळून अवघे ३,३८८. उरलेले २८३ मीथमधले. मीथ पूर्वेला आहे, पण १९३५मध्ये सरकारने पश्चिमेकडच्या कोनेमारातली २७ कुटुंबं तिथल्या रा कार्न गावी जमीन देऊन वसवली, म्हणून तिथे पश्चिमेची बोली ऐकू येते.

अंतर केवढं? भाषेचं नावच बदलतं: कॉनाक्टमध्ये साधारण ‘गेलगे’, मन्स्टरमध्ये ‘गेलिंग’, अल्स्टरमध्ये ‘गेलिक’. कसं काय, हे विचारायचे तीन ठिकाणी तीन प्रयोग. ‘मी होतो’ला उत्तरेत आणि पश्चिमेत दोन शब्द लागतात, क्रियापद आणि ‘मी’. मन्स्टरमध्ये आपल्या ‘होतो’सारखा एकच पुरतो, कारण ‘मी’ प्रत्ययातच असतो. आघातही सरकतो. इतर दोन बोलींत तो बहुधा शब्दाच्या पहिल्या अक्षरावर पडतो, मन्स्टरमध्ये पुढच्या दीर्घ अक्षराकडे जातो. १९५८मध्ये सरकारने लेखनाचं आणि व्याकरणाचं प्रमाण ठरवलं. ते कार्यालयांना आणि पाठ्यपुस्तकांना हवंच होतं, पण ती कुणाच्याही आजीची भाषा नव्हती.

२०२२मध्ये गेलटाख्तातले शाळेबाहेर रोज बोलणारे २०,२६१ उरले. म्हणजे रोज बोलणाऱ्यांपैकी ७२ टक्के आता गेलटाख्ताबाहेर राहतात. त्यांतले पुष्कळजण शाळेत शिकलेले आहेत. कष्टाने भाषा जगवणाऱ्या या माणसांबद्दल मला आदर आहे. पण बोली पुस्तकातून येत नाही. ती गल्लीतल्या, शेजारच्या, रोजच्या बोलण्यातून येते. म्हणून गेलटाख्तातल्या आयरिशच्या २००७च्या सर्वंकष अभ्यासाने ६७ टक्क्यांची रेषा आखली. वस्तीतली इतकी माणसं रोज बोलत नसतील, तर समाजभाषा म्हणून ती टिकत नाही. २०११च्या आकड्यांवर हा अभ्यास पुन्हा केला, तेव्हा गेलटाख्तातल्या १५५ विभागांपैकी फक्त २१ या रेषेच्या वर होते. आज तिथली तरुण जोडपी सुट्टीच्या घरांमुळे चढलेल्या किमतींशी झगडत आहेत. आयरिश वाचवायला पैसा कुठे घालावा असं कुणी विचारलं, तर मी म्हणेन, आधी या २१ विभागांतल्या तरुणांच्या घरांवर.

बोली नोंदवण्याच्या कामाचा एक धागा मराठीशीही जुळतो. आयरिश भाषेची पहिली गणना झाली त्याच १८५१मध्ये डब्लिन काउंटीत भाषा-अभ्यासक जॉर्ज ग्रियर्सन जन्मले. आपल्या मराठीच्या बोलींचा खंड त्यांच्याच भारतीय भाषा-सर्वेक्षणात १९०५ साली निघाला. बोलीबोलींची तुलना करता यावी म्हणून त्यांनी बायबलमधली उधळ्या मुलाची गोष्ट जागोजागी सांगायला लावली होती. पुढे १९२८ ते १९३१ दरम्यान बर्लिनच्या विल्हेल्म डोगेन यांच्या चमूने आयर्लंडमध्ये १३६ जणांचे आवाज तबकड्यांवर घेतले आणि त्यांतल्या पुष्कळांकडून हीच गोष्ट सांगून घेतली. ही मुद्रणं आज इंटरनेटवर मोफत ऐकता येतात. एकदा केरीतली गोष्ट ऐका, मग डोनेगलमधली. ते आवाज १७ काउंट्यांमधले आहेत. गेलटाख्त आज ७ काउंट्यांत उरला आहे.