तारण मालमत्तेच्या विक्रीविषयीचे न्यायालयीन वाद (भारत)

कर्जाची परतफेड थकल्यानंतर ऋणकोने गहाण ठेवलेली मालमत्ता धनको विकतो, तेव्हा त्या विक्रीच्या वैधतेवरून उद्भवणाऱ्या वादांना तारण मालमत्तेच्या विक्रीविषयीचे वाद म्हणतात. भारतात बँका व वित्तसंस्थांनी केलेल्या अशा विक्रीचे बहुतेक वाद २००२ च्या सरफेसी कायद्यांतर्गत येतात. ऋणकोला आपले घर किंवा उद्योग वाचवण्याची संधी कोणत्या क्षणापर्यंत असते, हा या वादांतील मध्यवर्ती प्रश्न आहे.

पार्श्वभूमी

मालमत्ता हस्तांतरण अधिनियम, १८८२ च्या कलम ६० नुसार गहाण ठेवणाऱ्यास कर्ज फेडून मालमत्ता सोडवून घेण्याचा हक्क असतो. न्यायालयात न जाता मालमत्ता विकण्याचा अधिकार कलम ६९ ने धनकोला दिला असला, तरी तो मुंबई, कोलकाता व चेन्नई यांसारखी शहरे आणि विशिष्ट प्रकारची गहाणे यांपुरता मर्यादित होता. इतरत्र दिवाणी दाव्याचा दीर्घ मार्ग अनुसरावा लागे. सरफेसी कायद्याने न्यायालयाच्या पूर्वपरवानगीशिवाय विक्री करण्याचा अधिकार बँकांना सर्वसाधारणपणे दिला.

विक्रीची प्रक्रिया

खाते अनुत्पादक ठरल्यावर बँक कलम १३(२) नुसार ६० दिवसांची मागणी नोटीस देते. ऋणकोने आक्षेप घेतल्यास १५ दिवसांत सकारण उत्तर देणे बँकेवर बंधनकारक आहे. रक्कम न भरल्यास बँक मालमत्तेचा ताबा घेऊ शकते. त्यासाठी जिल्हा दंडाधिकारी किंवा मुख्य महानगर दंडाधिकारी यांचे साहाय्य मागता येते. त्यानंतर मान्यताप्राप्त मूल्यांकनकाराकडून मूल्यांकन करून राखीव किंमत ठरवली जाते आणि ऋणकोला विक्रीची ३० दिवसांची नोटीस दिली जाते. लिलावात यशस्वी ठरलेल्या खरेदीदाराने २५ टक्के रक्कम त्याच दिवशी किंवा पुढील कामकाजाच्या दिवशी भरावयाची असते. देणे भागवून उरलेली रक्कम ज्याचा हक्क असेल त्याला परत मिळते. विक्रीतून देणे पूर्ण न भागल्यास बाकीची वसुली चालू राहते.

दाद मागण्याचे मार्ग

बँकेच्या कारवाईविरुद्ध ४५ दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे कलम १७ खाली अर्ज करता येतो. महाराष्ट्रात मुंबई, पुणे, नागपूर व औरंगाबाद (छत्रपती संभाजीनगर) येथे अशी न्यायाधिकरणे आहेत. कारवाई अवैध ठरल्यास न्यायाधिकरण ताबा परत देण्याचा आदेश देऊ शकते. त्यापुढील अपिलासाठी ऋणकोला देय रकमेच्या ५० टक्के रक्कम जमा करावी लागते. ती २५ टक्क्यांपर्यंत कमी होऊ शकते. दिवाणी न्यायालयांना या विषयात कलम ३४ ने मनाई केली आहे. पर्यायी उपाय उपलब्ध असताना उच्च न्यायालयांनी रिट अर्जांत सहसा हस्तक्षेप करू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने सत्यवती टंडन प्रकरणात (२०१०) बजावले.

महत्त्वाचे निकाल

मार्डिया केमिकल्स प्रकरणात (२००४) सर्वोच्च न्यायालयाने कायदा वैध ठरवला. मात्र न्यायाधिकरणाकडे प्रथम दाद मागण्यासाठी ७५ टक्के रक्कम भरण्याची अट रद्द केली. मॅथ्यू वर्गीस प्रकरणात (२०१४) विक्रीपूर्वीची ३० दिवसांची नोटीस अनिवार्य असल्याचे न्यायालयाने सांगितले.

दक्षिण गोव्यातील एका पंचतारांकित हॉटेलाच्या विक्रीवरून उद्भवलेल्या आयटीसी विरुद्ध ब्लू कोस्ट हॉटेल्स या खटल्यात (२०१८) आक्षेपांना उत्तर देणे बंधनकारक असल्याचे न्यायालयाने मान्य केले. तरीही ऋणकोला परतफेडीच्या पुरेशा संधी मिळाल्या होत्या, असे म्हणून मुंबई उच्च न्यायालयाने रद्द केलेली विक्री कायम केली. काही जमीन शेतजमीन असल्याने कायद्यातून वगळली जावी, हा युक्तिवादही फेटाळला गेला. मुरगूड येथील एका सहकारी बँकेशी संबंधित पांडुरंग गणपती चौगुले प्रकरणात (२०२०) घटनापीठाने सहकारी बँकांनाही हा कायदा लागू असल्याचे ठरवले.

गहाण सोडवण्याच्या हक्काची मर्यादा

केवळ लिलावाने हा हक्क संपत नाही, खरेदीखताची नोंदणी होईपर्यंत तो टिकतो, असे नारणदास करसनदास खटल्यात (१९७७) ठरले होते. २०१६ मध्ये सरफेसी कायद्याचे कलम १३(८) बदलून लिलावाची जाहीर नोटीस प्रसिद्ध होण्यापूर्वी संपूर्ण देणे भरणे आवश्यक करण्यात आले. सेलिर विरुद्ध बाफना मोटर्स खटल्यात (२०२३) लिलावात सुमारे १०५ कोटी रुपयांची बोली मान्य झाल्यावर ऋणकोने १२९ कोटी रुपये भरण्याची तयारी दाखवली व मुंबई उच्च न्यायालयाने ती स्वीकारली. सर्वोच्च न्यायालयाने हा आदेश रद्द केला. नोटीस प्रसिद्ध झाल्यावर ऋणकोचा हक्क संपतो आणि लिलावांवरील विश्वास टिकला नाही तर बोली लावणारे पुढे येणार नाहीत, अशी त्यामागील भूमिका होती.

परिणामी खरेदीदाराचे स्थान बळकट झाले, तर ऋणकोला मिळणारा अवधी कमी झाला. म्हणून मागणी नोटिशीला वेळेत लेखी आक्षेप घेणे आणि ४५ दिवसांची मुदत पाळणे यांना अशा वादांत निर्णायक महत्त्व असते.