सर्वांना गाते करणारे पंडित खरे

बँकेतील नोकरीतून निवृत्त झाल्यावर मी वाशीमच्या आमच्या मंडळातील सायंप्रार्थनेस नियमाने जाऊ लागलो. तेथे ध्वनिक्षेपकापुढे दोघे-तिघे गातात आणि उरलेले आम्ही ऐकतो. कोणास आग्रह केला की, ‘आमचा कुठला आला आवाज?’ हे उत्तर ठरलेले. अशा वेळी पंडित नारायण मोरेश्वर खरे यांचे स्मरण होते.

पं. विष्णु दिगंबर पलुस्करांनी ५ मे १९०१ रोजी लाहोर येथे गांधर्व महाविद्यालय स्थापन केले. दरबार आणि घराणी यांच्या आश्रयाला असलेली विद्या त्यांनी क्रमिक पुस्तके, स्वरलेखन व परीक्षा यांच्याद्वारे सामान्य कुटुंबांसाठी खुली केली. खरे त्यांचेच शिष्य. गांधीजींनी आश्रमासाठी संगीतशिक्षक मागितला, तेव्हा विष्णु दिगंबरांनी त्यांना पाठविले. १९१८ पासून साबरमती हीच त्यांची कर्मभूमी झाली.

मैफलीचा गायक श्रोते मोजतो. पंडितजींना श्रोताच उरू द्यायचा नव्हता. आश्रमात नाना प्रांतांची, नाना भाषांची माणसे होती. स्त्रिया, मुले व वृद्ध यांच्या आवाजाची पट्टी निरनिराळी. अशा समूहाला एका सुरात आणायचे तर चाल सोपी, लय संथ आणि पट्टी मधली हवी. अग्रगायकाने ओळ म्हणावी, इतरांनी ती उचलावी आणि ताना-आलापांचा मोह त्याने आवरावा. शिकलेल्या गवयाला हा शेवटचा संयमच सर्वांत कठीण! पंडितजींनी संकलित केलेल्या ‘आश्रम भजनावली’त संस्कृत, हिंदी, गुजराती, मराठी आदी भाषांतील रचना एकत्र नांदतात.

१९३० च्या आरंभी आश्रमात देवीची साथ आली. तीत पंडितजींचा लहानगा मुलगा वसंत दगावला. त्यानंतर थोड्याच दिवसांत, १२ मार्च रोजी, दांडीयात्रा निघाली. पंडितजी त्या तुकडीत होते. सुमारे ३९० किलोमीटरच्या त्या वाटेवर प्रार्थना व भजन यांची धुरा त्यांनीच वाहिली. पुत्रशोक उरात असताना इतरांना सूर देणे म्हणजे काय, हे ज्याचे त्याने मनाशी ताडून पाहावे.

पुढे अहमदाबादेत त्यांनी संगीतशिक्षणाचे कार्य केले. फेब्रुवारी १९३८ मध्ये काँग्रेस अधिवेशनानिमित्त हरिपुरा येथे गेले असता तेथेच त्यांचे निधन झाले. आज त्यांचे नाव क्वचितच कोणी घेतो. स्वतःचा आवाज समूहात मिसळून टाकणाऱ्याच्या वाट्याला हे येतेच.

गेल्या महिन्यापासून आम्ही प्रार्थनेच्या वेळी ध्वनिक्षेपक बंद ठेवतो. पहिल्या दिवशी पाच-सहा आवाज आले, तेही चाचरत. परवा मागच्या रांगेत एका आजोबांनी पहिल्यांदाच ओळ उचलली. सूर किंचित चुकला. पण कोणी मागे वळून पाहिले नाही. सर्वांनी पुढची ओळ म्हटली, आणि आजोबाही त्यांत होते.