लिपीला पारखी राहिलेली कवयित्री : मीना अलेक्झांडर

हैदराबादच्या नामपल्ली रस्त्यावरून रोज ये-जा करणाऱ्यांपैकी किती जणांना ठाऊक असेल, की या रस्त्याच्या नावाची एक इंग्रजी कादंबरी आहे? ‘नामपल्ली रोड’ (१९९१) लिहिणाऱ्या मीना अलेक्झांडर केरळच्या सीरियन ख्रिस्ती कुटुंबातल्या. जन्म मात्र अलाहाबादचा, १९५१ सालचा. हवामानशास्त्रज्ञ वडिलांना सुदानमध्ये नोकरी मिळाली. आईबरोबर बोटीने तिकडे निघालेल्या या मुलीचा पाचवा वाढदिवस भर समुद्रात आला.

पुढे खार्टुम आणि तिरुवल्ल्याचे आजोळ अशा खेपा सुरू झाल्या. तेराव्या वर्षी खार्टुम विद्यापीठात प्रवेश, पंधराव्या वर्षी ‘मेरी एलिझाबेथ’ हे नाव टाकून घरचे ‘मीना’ स्वीकारणे, विशीच्या आरंभीच नॉटिंगहॅमची डॉक्टरेट. हा वेग थक्क करणारा खरा. परंतु या धावपळीत मातृभाषेची लिपी मागे राहिली. मल्याळम त्यांना बोलता येई. वाचता-लिहिता येत नसे. कविता लिहिल्या त्या इंग्रजीत आणि पहिल्यांदा छापल्या गेल्या त्या खार्टुमच्या वृत्तपत्रात, अरबी भाषांतरातून! २००२ च्या संग्रहाला त्यांनी ‘इलिटरेट हार्ट’, म्हणजे ‘निरक्षर हृदय’, असे नाव दिले. मात्र ही निरक्षरता त्यांना केवळ उणीव वाटत नव्हती. अक्षरांचे आणि अभिजात परंपरेचे दडपण नसल्यामुळे मल्याळम आपल्यापाशी निखळ नादरूपाने उरली, अशी त्यांची धारणा होती. घरी अस्खलित मराठी बोलणारी, पण मराठीत चार ओळी लिहिताना अडखळणारी मुले ज्यांच्या घरात आहेत, त्यांना यातली व्यथा वेगळी समजावून सांगायला नको.

सत्तरच्या दशकात त्या हैदराबादेत इंग्रजीच्या अध्यापिका होत्या. १९७८ मध्ये तेथे पोलीस कोठडीत एका स्त्रीवर बलात्कार झाला, तिच्या पतीचा मारहाणीत मृत्यू झाला आणि शहर पेटले. आणीबाणीच्या काळात घडणाऱ्या ‘नामपल्ली रोड’ने या घटनेचा आधार घेतला. तिची नायिका मीरा इंग्लंडहून परतलेली, कविता लिहू पाहणारी तरुण प्राध्यापिका. समोरच्या हिंसेपुढे आपल्या शब्दांचा उपयोग काय, हा मीराचा प्रश्न तिच्या लेखिकेचाही असावा.

१९७९ मध्ये पती, इतिहासकार डेव्हिड लेलीवेल्ड यांच्यासमवेत त्या अमेरिकेत गेल्या. पुढे न्यूयॉर्कच्या हंटर कॉलेजात त्यांनी दीर्घकाळ अध्यापन केले. ‘मॅनहॅटन म्युझिक’ (१९९७) ही दुसरी कादंबरी त्याच शहराची. २१ नोव्हेंबर २०१८ रोजी तेथेच त्यांचे निधन झाले.

त्यांच्या लेखनातील सर्वांत धाडसी कृती मात्र कवितेत किंवा कादंबरीत नसून ‘फॉल्ट लाइन्स’ या आत्मकथनात आहे. १९९३ च्या पहिल्या आवृत्तीत आईच्या वडिलांचे चित्र अतिशय प्रेमाने रेखाटले होते. दहा वर्षांनी, २००३ मध्ये, नवी आवृत्ती निघाली. तीत जुना मजकूर न बदलता त्यांनी बालपणाविषयी नवा भाग जोडला आणि त्याच आजोबांनी लहानपणी केलेल्या लैंगिक अत्याचाराची वाच्यता केली. एकाच आजोबांची ही दोन्ही चित्रे आता एकाच पुस्तकात आहेत.