अटकपूर्व जामीन झाला, मग ठेवीचं काय?

नांदेड-लातूरकडं पतसंस्था किंवा मल्टिस्टेट बुडाली की काही दिवसांत एक बातमी येते : संचालकाला अटकपूर्व जामीन. लगेच व्हॉट्सअॅप ग्रुपवर सुरू, "झालं, सुटला. पैसे गेले." मी पोटापाण्यासाठी कोड लिहितो, वकील नाही. पण निकाल वाचायची सवय लागलीय, म्हणून आज यावरच बोलू.

हा जामीन म्हणजे निर्दोष सुटका नव्हे. अटक होईल अशी सबळ भीती असली की माणूस सत्र न्यायालयात किंवा हायकोर्टात अर्ज करतो. आपलं हायकोर्ट म्हणजे छत्रपती संभाजीनगरचं खंडपीठ. आधी हे सीआरपीसीचं कलम ४३८ होतं, १ जुलै २०२४ पासून नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं ४८२. एफआयआर नसली तरी अर्ज चालतो. आदेशाचा अर्थ एवढाच, की अटक केलीच तर जामिनावर सोडा. चौकशीला हजर राहा, साक्षीदारांना धमकावू नका, परवानगीशिवाय देश सोडू नका, अशा अटी घालता येतात.

आर्थिक गुन्ह्यात खरी लढाई असते ती कोठडीतल्या चौकशीची. पैसा कुठल्या खात्यातून कुठं गेला, हे कोठडीशिवाय कळेल का? सरकारी वकील 'नाही' म्हणतात, बचावाचे वकील म्हणतात, "कागद तर सगळे जप्त आहेत." २०१९ मध्ये पी. चिदंबरम यांचा अर्ज फेटाळताना सुप्रीम कोर्टानं आर्थिक गुन्हे वेगळ्या वर्गातले असल्याचं म्हटलं. तरी प्रत्येक अर्ज आपोआप नाकारला जात नाही. कर्ज मंजूर करणारा अध्यक्ष आणि सांगेल तिथं सही करणारा कारकून यांची भूमिका वेगळी, आणि कोर्ट तेच तपासतं. (कोअर बँकिंगचा डेटा हाती असेल तर 'कागद जप्त आहेत' हा युक्तिवाद मलाही पटतो. पण बेनामी जमिनी डेटाबेसमध्ये सापडत नाहीत.)

"आधी पैसे भरा, मगच जामीन द्या," असं ठेवीदार म्हणतात. राग समजतो. बीडच्या ज्ञानराधा मल्टिस्टेटचंच बघा. ईडीच्या म्हणण्यानुसार त्यात सुमारे चार लाख ठेवीदार आहेत. अध्यक्ष सुरेश कुटे यांना जून २०२४ मध्ये अटक झाली, आरोप अजून सिद्ध व्हायचेत. आयुष्याची पुंजी अडकलेल्या माणसाला कलमं ऐकवून काय उपयोग?

पण जुलै २०२३ मध्ये रमेश कुमार खटल्यात सुप्रीम कोर्टानं सांगितलं, की अटकपूर्व जामिनाचा अर्ज वसुलीचं हत्यार बनवू नका. अपवाद ठेवला तो सार्वजनिक पैशाच्या अपहाराचा, तोही आरोपी स्वतःहून भरायला तयार असेल तर. मला हे बरोबर वाटतं. नाहीतर ज्यानं फिर्याद दिली त्याचे पाच लाख सुटतात आणि मागं उभी असलेली हजार माणसं तशीच राहतात.

ठेवींचा रस्ता दुसरा आहे : एमपीआयडी, म्हणजे ठेवीदारांच्या हितासाठी महाराष्ट्रानं १९९९ साली केलेला कायदा. यात सरकार संस्थेचीच नाही, तर संचालकांचीही मालमत्ता जप्त करू शकतं. मग विशेष न्यायालयाच्या आदेशानं ती विकून पैसे ठेवीदारांत वाटले जातात. वर्षं लागतात, हे लपवत नाही. पण संचालकाला जामीन मिळाला म्हणून ही जप्ती उठत नाही.

म्हणून घरी आई-बाबांना सांगा : मूळ पावती कुणालाही देऊ नका, झेरॉक्स द्या. आर्थिक गुन्हे शाखेत जबाब नोंदवा, अर्जाच्या प्रतीवर पोच घ्या. जामिनाच्या सुनावणीत वकिलामार्फत सरकारी पक्षाला मदत करता येते. आरोपी कुठं जमीन विकताना दिसला तर ग्रुपवर फोटो टाकण्याआधी तपास अधिकाऱ्याला लेखी कळवा. अटी मोडल्याचा पुरावा असेल तर जामीन रद्द करायचा अर्जही होतो.